अर्ध्या दिवसानं धाकटी

निवृत्तीला दोन महिने उरले असताना कुंतला साहूला कळलं, की आपल्या बढतीच्या आड शेजारच्या टेबलावरचा दुर्योधन नाही, खातं नाही, शनी-मंगळही नाहीत. आड आलाय तो आपणच कोर्टातून आणलेला स्टे.

तसं हे तिला आधी ठाऊक नव्हतं का? होतं की. पण माणूस एकदा कोर्टाच्या नादी लागला की त्याला समोरच्याची अडचण तेवढी दिसते, स्वतःची दिसत नाही. ती दाखवली दाशबाबूंनी. दाशबाबू म्हणजे भुवनेश्वरच्या त्या जलाशय खात्यात नेमणुका-बदल्यांच्या फायली सांभाळणारे गृहस्थ. तोंडात कायम पान, त्यामुळे वाईट बातमीसुद्धा ते चवीनं सांगायचे.

"अपा, अधिकाऱ्याच्या दोन जागा भरायला वरून मंजुरी आलीय," ते म्हणाले. ते तिला अपा, म्हणजे ताई म्हणायचे. "आणि बढतीच्या यादीत शिल्लक कोण? तुम्ही आणि दुर्योधनबाबू. दोन जागा, दोन माणसं. भांडायला काही उरलंच नाही."

"मग घोडं कुठं पेंड खातंय?"

"तुमच्याच अंगणात, अपा. कोर्टाचा हुकूम आहे ना, केसचा निकाल लागेपर्यंत या यादीतून कुणालाही बढती द्यायची नाही म्हणून. तुम्हीच आणलात. आठवतंय, छेनापोडाची मिठाई वाटली होतीत सगळ्या ऑफिसात. मीपण दोन तुकडे खाल्ले होते."

यादीतली बाकीची माणसं या दहा-अकरा वर्षांत एकेक करून बढतीविनाच घरी गेली होती. जाताना तिच्या नावानं बोटं मोडत गेली होती. तेव्हा तिला वाटायचं, मोडू देत, माझी बाजू खरी आहे. आता तिचीच पाळी आली होती.

भांडणाचं मूळ ऐकाल तर कपाळावर हात माराल. कुंतला आणि दुर्योधन स्वाईं, दोघं एकाच हुकमानं, एकाच तारखेला निरीक्षक झाले. ती खालून, कारकुनीत नऊ वर्षं घासून वर आलेली. तो परीक्षा देऊन थेट आलेला, कॉलेजची हवा अजून अंगात. हजर व्हायच्या दिवशी तो ऑफिस उघडायच्या आधीच दारात उभा. त्याच्या कागदावर शेरा पडला, 'पूर्वाह्न'. कुंतलाही साडी नेसून, केस विंचरून तयारच होती. पण सासूनं पंजिका, म्हणजे पंचांग उघडलं आणि म्हणाली, "दुपारपर्यंत बारबेळा आहे, अशुभ वेळ. बारबेळेत पाऊल टाकलंस तर नोकरी लाभायची नाही, सांगून ठेवते." नवी सून, काय बोलणार! भात खाऊन, बारबेळा टळल्यावर ती गेली. तिच्या कागदावर शेरा पडला, 'अपराह्न'.

झालं! सरकारच्या लेखी दुर्योधन थोरला, कुंतला अर्ध्या दिवसानं धाकटी. पुढं ज्येष्ठता यादी निघाली तेव्हा त्याचं नाव वर, हिचं खाली. आणि अधिकाऱ्याची एक जागा रिकामी झाली तेव्हा ती दुर्योधनच्या ताटात पडणार हे दिसायला लागलं. शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. पण शहाण्याला बढती नको असते, कुंतलाला हवी होती.

हवी म्हणजे किती? तिचे वडील एका अधिकाऱ्याच्या दाराशी स्टुलावर बसून निवृत्त झाले होते. साहेबानं घंटी वाजवली की पडदा बाजूला करून आत जायचं, एवढंच त्यांचं आयुष्य. लहानपणी डबा द्यायला गेलेली कुंतला त्या पडद्याच्या फटीतून आतली खुर्ची बघायची. त्या खुर्चीत बसायचं, एवढं एकच तिच्या डोक्यात होतं. नवरा, मुली, घर सगळं झालं, पण ते डोक्यातून गेलं नाही. तिनं केस घातली. दुर्योधननं उलट केस घातली. आणि दोन्हींचं भिजत घोंगडं कटकच्या कोर्टात पडलं ते पडलं.

दोघं एकाच खोलीत बसायचे हो! पण एवढी वर्षं एकमेकांशी अक्षर बोलले नाहीत. काम असलं की फायलीवर 'पहावे' लिहून शिपायाच्या हातून चार हातांवरच्या टेबलावर पाठवायचं. डबा खातानासुद्धा पाठीला पाठ.

त्या दिवशी कुंतला उठली आणि त्याच्या टेबलापाशी जाऊन उभी राहिली. खोलीतले पंखेसुद्धा थांबले असते, पण ते बंदच होते.

"दुर्योधनबाबू, चहा घेणार?"

त्यानं चष्म्यावरून बघितलं. "विष घातलंय का?"

"साखर घातलीय. तुम्हाला मधुमेह, म्हणजे तेच झालं."

दुर्योधन हसला नाही, पण त्यानं कप घेतला. दाशबाबूंनी त्यालाही सगळं सांगितलेलं होतंच. त्याच्या निवृत्तीला अजून दोन वर्षं होती, पण तोही कंटाळला होता.

"मी केस मागं घेतली आणि तुम्ही नाही घेतली तर?" तो म्हणाला.

"आणि मी घेतली नि तुम्ही नाही घेतली तर?"

"माझ्यावर विश्वास नाही?"

"तुमचा माझ्यावर आहे?"

"नाही."

"मग जमलं की. दोघं बरोबर जाऊ."

असे दोघं कटकच्या बसमध्ये शेजारी शेजारी बसले. दोघांच्या पिशवीत एकेक अर्ज, आणि दोघांचा डोळा दुसऱ्याच्या पिशवीवर. काठजोडी नदीचा पूल गेला तरी कोणी खिडकीबाहेर बघितलं नाही. कुंतलाचे वकील महापात्रबाबू अर्ज बघून असे हळहळले की जणू पोटचं पोर कुणी मागून नेतंय. "मागं घेता? अहो, आता कुठं केसमध्ये दम आला होता!"

"दम मला लागलाय, महापात्रबाबू," कुंतला म्हणाली. "जिने चढून चढून."

पहिल्या खेपेला वकिलांचा बंद. दुसऱ्या खेपेला यादीत नंबर होता, पण तिथवर पोचायच्या आत कोर्ट उठलं. दोघांनी बाहेर गाडीवर दहीबरा-आळूदम खाल्लं, कोर्टाला शिव्या दिल्या आणि शिव्यांवर मात्र दोघांचं पहिल्यांदा एकमत झालं. तिसऱ्या खेपेला न्यायमूर्तींनी दोन्ही अर्ज बघितले, "दोघांची संमती?" एवढं विचारलं आणि दोन ओळी सांगितल्या. एवढ्या वर्षांची केस, पान तोंडात टाकून चघळायच्या आत संपली. कुंतला बाहेर व्हरांड्यात आली आणि भिंतीला टेकून उभी राहिली. तिला आनंद व्हायला हवा होता. पण तिच्या मनात आलं, हेच करायचं होतं तर हे कधीही करता आलं असतं. मग तिला स्वतःचाच इतका राग आला, की परतीच्या बसमध्ये ती दुर्योधनशी पुन्हा बोलेनाशी झाली.

तरी खात्यात कागद हलायचे बाकी होतेच. कायदा शाखेचं मत, मग समिती, मग वरची सही. कुंतला रोज दाशबाबूंच्या टेबलापाशी जायची. "अपा, होतंय," ते म्हणायचे. "भात शिजतोय. झाकण उघडून उघडून बघू नका." शेवटी महिना संपायला दोन दिवस उरले तेव्हा हुकूम निघाला. आणि त्या महिन्याबरोबर कुंतलाची नोकरीही संपत होती.

तिनं हुकूम हातात घेऊन वाचला. दुर्योधन स्वाईं, अधिकारी, भुवनेश्वर. कुंतला साहू, अधिकारी, कुंदुलीपदर.

"हे कुठं आलं?" तिनं विचारलं. ठाऊक होतं तरी विचारलं.

"मलकानगिरीच्या बाजूला. धरणाच्या काठी," दाशबाबू म्हणाले. "रात्रीची बस पकडायची, सकाळी उतरायचं, मग जीप मिळाली तर मिळाली."

"माझी परवा निवृत्ती आहे, दाशबाबू!"

"म्हणून तर घाई करा म्हणतो. तिथं जाऊन, खुर्चीत बसून, हजर झाल्याची सही केलीत तर तुम्ही अधिकारी. नाही पोचलात तर हा कागद रद्दी."

"पण मला का तिकडं? त्यांना का इकडं?"

दाशबाबूंनी पान एका गालातून दुसऱ्या गालात सरकवलं. "केस मागं घेतलीत ना, अपा. मग जुनी यादी जिवंत झाली. जवळची जागा ज्येष्ठाला, दूरची कनिष्ठाला. आम्ही तरी काय करणार!"

अर्धा दिवस! मेलेल्या सासूचा तो अर्धा दिवस अजून जिवंत होता. कुंतलाला हसावं की रडावं कळेना. ती सरळ दुर्योधनपुढे जाऊन उभी राहिली.

"बदलून घ्या," ती म्हणाली. "तुम्हाला दोन वर्षं आहेत. मला दोन दिवस. तुम्ही लेखी दिलंत, 'मला तिकडं चालेल' म्हणून, तर आजच्या आज बदलेल."

दुर्योधननं हुकमाची घडी घातली, उघडली, पुन्हा घातली. "अपा, एकदा तिकडं गेलो की कोण परत आणतंय? दोन वर्षं तिथंच सडेन. बायकोला इथं सोडून." आणि मग खाली बघत म्हणाला, "खरं सांगा. तुम्ही असता तर ही जागा दिली असतीत?"

कुंतलानं हुकूम त्याच्या हातातून काढून घेतला. तिनं दिली नसती. मरता मरता दिली नसती. आणि हे दोघांनाही माहीत होतं.

घरी नवरा, अच्युत, पखाळ-भाताचा वाडगा पुढं घेऊन बसला होता. सगळं ऐकून म्हणाला, "एका दिवसासाठी त्या जंगलात? अगं, लोक जगन्नाथाला जातात तेही दोन दिवस राहतात."

"तुम्ही मास्तर होतात. तुम्हाला खुर्ची पहिल्या दिवसापासून मिळाली," ती म्हणाली. "तुम्हाला नाही कळायचं."

"कळतंय म्हणून तर बोलतोय. साठ वर्षांची झालीस तू."

"साठ वर्षांची झाले म्हणूनच जाते."

दुसऱ्या दिवशी बारमुंडाच्या बसस्टँडवर दुर्योधन आला होता. हातात पाण्याची बाटली आणि केळी. तोंड असं की उधार घेतलेलं. "घाटात उलटी होते," म्हणाला. "मागच्या सीटवर बसू नका." बस सुटताना ओरडला, "अपा, खुर्चीत नीट बसा हं! मान ताठ ठेवून!" कुंतलानं हात हलवला. माणूस वाईट नव्हता, आणि तीही वाईट नव्हती, आणि तरी हे सगळं झालं होतं.

रात्रभर बसनं हाडं खिळखिळी केली. सकाळी जीप शोधण्यात आणखी वेळ गेला. ड्रायव्हर माणसं भरेपर्यंत हलेना. "दादा, मला आजच्या आज अधिकारी व्हायचंय, चल बाबा," असं कुंतलानं सांगितलं तेव्हा जीपमधल्या बायका खो खो हसल्या. तिला कुणी वेडी समजलं असावं. डोंगर उतरून धरणाचं पाणी दिसायला लागलं तेव्हा ऊन डोक्यावरून कलायला लागलं होतं.

जीप थांबली आणि ढोल वाजायला लागला.

कुंतलाला आधी वाटलं, कुणाचं लग्न आहे. मग तिच्या गळ्यात झेंडूचा हार पडला. शे-दीडशे माणसं असतील. धरणात जाळं टाकणारी सगळी, बाया, पोरं, म्हातारे. ऑफिस म्हणजे दोन खोल्या, पण दारात आंब्याच्या पानांचं तोरण, अंगण सारवलेलं, तांदळाच्या पिठाची झोटी काढलेली. बिपिन नायक नावाचा एकटाच कारकून तिथं होता. तो पुढं आला, वाकून नमस्कार केला आणि कानात म्हणाला, "मॅडम, त्यांना सांगितलं नाही मी. अधिकारी येतायत एवढंच कळलंय त्यांना. संध्याकाळचं नाही सांगितलं. धीर झाला नाही."

आतल्या खोलीत खुर्ची होती. जुनी मोडकी होती म्हणून लोकांनी शाळेतून दुसरी आणून ठेवली होती आणि तिच्या पाठीला पांढरा टॉवेल लावला होता. कुंतला त्या खुर्चीत बसली. मान ताठ ठेवून बसली. वडिलांची आठवण आली, डोळे भरून आले, आणि तेवढ्यात बिपिननं दोन कागद पुढं केले.

"हा हजर झाल्याचा. आणि हा कार्यभार सोडल्याचा. दोन्ही एकदमच टाइप करून ठेवलेत. पुन्हा धावपळ नको."

तिनं पहिल्यावर सही केली. दुसरा बाजूला सरकवला. "हा ऑफिस सुटताना," ती म्हणाली.

मग लोक आत यायला लागले. पुढं सोमनाथ खिलो, मच्छीमार सोसायटीचा म्हातारा प्रमुख, आणि त्याच्यामागं पदर खोचलेली एक पस्तिशीची बाई. राइमती हंताळ तिचं नाव. तिथली माणसं देवालाही 'तू' म्हणतात आणि कलेक्टरलाही.

"बाई, माझा नवरा वादळात बुडाला," राइमती म्हणाली. "चार पावसाळे झाले. जाळं टाकायचा हक्क त्याच्या नावावर होता. माझं नाव लागत नाही. मासे मी पकडते, लिहिले जातात दिराच्या नावावर. तो देईल तेवढं खायचं. त्याची बायको मला रोज ऐकवते."

"नाव का नाही लागलं?"

"अधिकारी नाही. गावात येऊन पाच माणसांना विचारून अधिकाऱ्यानंच नाव लावायचं असतं. ती खुर्चीच रिकामी. दुसऱ्या जिल्ह्यातला साहेब वर्षातून एकदा येतो, कोंबडी खातो आणि म्हणतो, माझ्याकडे तात्पुरता भार आहे, नाव बदलायचा अधिकार मला नाही. पण आता तू आलीस!" आणि ती एवढी मोकळी हसली की कुंतलाला तिच्याकडं बघवेना.

"बिपिन," कुंतला म्हणाली, "हे आत्ता करता येईल? मी आहे ना अधिकारी. आत्ता आहे."

बिपिननं मान हलवली. "आधी गावात नोटीस लावायची, मॅडम. मग हरकतींना पंधरा दिवस. मग अधिकाऱ्यानं स्वतः चौकशी करायची."

"नोटीस काढ. मी सही करते."

"काढतो. पण पंधरा दिवसांनी कोण आहे?"

बाहेरून माशाच्या कालवणाचा वास येत होता. अंगणात पंगत मांडलेली होती. कुंतलापुढं पानावर भात आणि धरणातल्या रोहूचं सगळ्यात मोठं डोकं आलं. पाहुण्याचा मान म्हणून. सगळे तिच्या तोंडाकडं बघत होते, पहिला घास घेते का म्हणून. तिनं घेतला.

"खा, बाई, खा," सोमनाथ म्हणाला. "लई वर्षांनी या ऑफिसात अधिकारी जेवतोय. शेवटचा होता तो गेला आणि मग दुसरा आलाच नाही. का म्हणून विचारलं तर म्हणे राजधानीत कुणीतरी दोघं खुर्चीवरून भांडतायत आणि एकानं कोर्टातून सगळ्याच खुर्च्यांना कुलूप लावलंय. कोण मी थोरला, कोण तू थोरला! आता तूच सांग, हे काय पोरांचं वागणं आहे? आम्ही दरसाल देवीला कोंबडं देतो ना, तेव्हा त्या माणसाच्या नावानं एक शिवी देतो. न चुकता. पोरंसुद्धा शिकलीत ती शिवी."

सगळी पंगत हसली. एका पोरानं ती शिवी देऊनही दाखवली आणि आणखी हशा झाला. बिपिन तेवढा हसला नाही. तो पानाकडं बघत भात कालवत राहिला, म्हणजे त्याला माहीत होतं.

कुंतलानं हातातला घास पानावर परत ठेवला. गप्प बसता आलं असतं. ऑफिस सुटायला थोडाच वेळ होता. हार काढायचा, दुसऱ्या कागदावर सही करायची, जीपमध्ये बसायचं. तिनं राइमतीकडं बघितलं. राइमती तिच्या पानावर आणखी कालवण वाढायला वाकली होती.

"ती मीच," कुंतला म्हणाली. "केस मी घातली होती. कुलूप मीच लावलं होतं. आणि आज संध्याकाळी माझी नोकरी संपतेय. उद्या मी नाही."

हसणं हळूहळू थांबलं. पलीकडच्या टोकाला ऐकू गेलं नव्हतं, त्यांना शेजारच्यांनी सांगितलं. सोमनाथचा हात पानावरच राहिला. कुणी शिवी दिली असती तर कुंतलाला बरं वाटलं असतं.

राइमती कालवणाचं भांडं हातात धरून तशीच उभी होती. तिला राग आलेला दिसत नव्हता. तिला ते समजून घ्यायचं होतं, एवढंच.

"मग?" तिनं विचारलं. "जिंकलीस का तू?"